प्रतवारीची पुस्तकं आणि आमचे दाजी

पुस्तकं वाचणारी माणसं आमच्या नगर जिल्ह्यात काही कमी नाहीत, पण रात्री वाचलेलं पुस्तक सकाळी दात घासायच्या आत स्वतःवर, बायकोवर आणि जमलं तर शेजाऱ्यावर करून बघणारा माणूस मी तरी एकच पाहिला. ते आमचे दाजी, माझ्या थोरल्या बहिणीचे, म्हणजे आक्काचे, यजमान. राहुरीपासून थोडं आत, उसाच्या पट्ट्यातल्या एका हायस्कुलात ते गणित शिकवतात. त्यांच्या कपाटात कथा-कादंबरी औषधालासुद्धा सापडणार नाही. सगळी पुस्तकं एकाच जातीची: कशावर तरी पाळत ठेवायची आणि तिच्यावरून प्रतवारी लावायची. सवयींवर पाळत कशी ठेवावी, झोपेवर कशी ठेवावी, रागावर कशी ठेवावी; शाळेतल्या मुलांचे हुशारीप्रमाणे गट कसे पाडावेत, आणि पुढच्याच पुस्तकात, ते अजिबात का पाडू नयेत. काही मराठी, काही इंग्रजी, काही इंग्रजीतून मराठीत येताना वाटेत जायबंदी झालेली. नगरच्या जुन्या पुस्तकांच्या दुकानातून आणलेली, मोबाईलवरून मागवलेली, बदली झालेल्या मास्तरांकडून हक्कानं ठेवून घेतलेली. सगळ्यांना सारखंच खाकी कव्हर. तरी दाजी कपाटात हात घालून हवं ते पुस्तक न बघता काढतात, बाई मिसळणाच्या डब्यातून हळद काढते तसं.

आमच्या घराण्यात कॉलेजची पदवी घेतलेला मी पहिला. हे मी कुठंही सांगतो, कुणी विचारलं नाही तरी सांगतो. पदवी हातात पडली तेव्हा मला वाटलं होतं, चला, आपलं पुस्तकांशी असलेलं काम संपलं. दाजींना वाचताना पाहिलं आणि कळलं की मला अजून पुस्तक नीट धरतासुद्धा येत नाही. ते वाचत नाहीत, भांडतात. कानावर पेन्सिल, मांडीवर पुस्तक, आणि प्रत्येक पानाच्या कडेला लेखकाला दिलेली उत्तरं. पहाटे उठायची सवय कशी लावावी अशा एका जाड इंग्रजी पुस्तकाच्या पहिल्याच पानावर त्यांनी लिहून ठेवलंय, ‘लेखकाकडे म्हैस नसावी.’

सवयींचं पहिलं पुस्तक घरात आलं तेव्हा स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरची दशा झाली. घरातल्या प्रत्येकानं एक वाईट सवय निवडायची, आणि ती टाळली त्या दिवशी तारखेवर खूण करायची, असा हुकूम निघाला. दाजींनी स्वतः चहा निवडला. आक्कानं ‘ह्यांना नावं ठेवणे’ ही निवडली आणि दुपारपर्यंत सोडून दिली. दाजींच्या आईला मिश्रीची सवय, तिला ती निवडून देण्यात आली. महिना संपला तेव्हा सगळ्यांच्या खुणा विरळ, म्हातारीच्या मात्र एकही तारीख रिकामी नाही. दाजी हरखून गेले. “आई, रोज टाळली मिश्री?” म्हातारी म्हणाली, “टाळली? रोज लावली, त्याची खूण केली. एक दिस चुकले न्हाई. तुज्या पुस्तकात काय बक्षीस हाय का?” दुसरा कुणी चिडला असता. दाजींनी पेन्सिल काढली आणि म्हणाले, “पुस्तकात सातत्य म्हणलंय, तुझ्यात ते हाय. सवय कुठली ते आपलं चुकलं.” आणि म्हातारीला त्यांनी खरोखर एक चांगलं लुगडं आणलं.

पुढं मनगटावर पावलं मोजणारं घड्याळ आलं. सुट्टीच्या दिवशी ते बांधून घरच्या शेतात ट्रॅक्टरवर बसलं की धक्क्याधक्क्याला ते एकेक पाऊल मोजायचं. दिवसभर नांगरट करून दाजी घरी आले की घड्याळ त्यांचं अभिनंदन करायचं. दाजींना ते अभिनंदन पचेना. त्यांनी घड्याळ काढून ट्रॅक्टरच्या आरशाला बांधलं. म्हणाले, “ज्याचं त्याला.”

हे सगळं मी हसत सांगतो खरा, पण ज्या गोष्टीमुळं मी त्यांच्यापुढं मनातून हात जोडतो ती वेगळी आहे.

आमच्याकडच्या बऱ्याच शाळांत एक पद्धत असते. नववीला चाचणी घेऊन तुकड्या पाडायच्या. ‘अ’ तुकडीत हुशार पोरं. तिला सेमी म्हणतात, तिथं गणित आणि विज्ञान इंग्रजीतून. ‘ब’मध्ये मधली. उरलेली ‘क’मध्ये. खळ्यावर कांदा निवडतात त्यातलाच प्रकार: मोठा एका ढिगात, मध्यम दुसऱ्यात, आणि बारीक तो गोल्टी म्हणून कोपऱ्यात. दाजी या पद्धतीचे मोठे पुरस्कर्ते. मास्तरला एका पातळीची पोरं मिळाली की शिकवणं सोपं जातं, असं त्यांच्या पुस्तकात होतं. शाळेची जुनी चाचणी त्यांना पसंत नव्हती, म्हणून त्यांनी स्वतः नवी काढली. पेपर तपासताना नावावर कागद चिकटवायचा, म्हणजे सरपंचाचं पोरगं आणि सालगड्याचं पोरगं सारखंच, हा नियमही त्यांचाच. ‘अ’ तुकडीचं गणित अर्थातच त्यांच्याकडं होतं, आणि तालुक्यात त्याचा दबदबा होता.

त्या वर्षी त्यांची मुलगी, गौरी, नववीत गेली. पेपर तपासून झाले, नावावरचे कागद निघाले, आणि गौरी ‘क’ तुकडीत निघाली.

मुख्याध्यापक भला माणूस. त्यांनी दाजींना बाजूला घेतलं. “सर, घरचंच नाव आहे. इकडचं तिकडं केलं तर कोण विचारतंय?”

“मी विचारतो,” दाजी म्हणाले आणि यादी तशीच लावली.

घरी आक्कानं जे तोंड सोडलं ते मी फोनवर वेगळं ऐकलं आणि रविवारी तिथं गेलो तेव्हा समोर वेगळं ऐकलं. “अरे, पोरगी हाय ती, कांदा हाय का निवडून कोपऱ्यात टाकायला? दुसऱ्याची लेकरं सेमीत घालतोय हा माणूस, आन् स्वतःची...” गौरी मात्र रडली नव्हती, भांडली नव्हती. तिनं फक्त बापाला एकदा विचारलं होतं, “पप्पा, मी ढ आहे का?”

आणि ज्या माणसाकडं झोपेपासून रागापर्यंत सगळ्याची उत्तरं खाकी कव्हरात होती, त्यानं लेकीला उत्तर न देता कपाट उघडलं होतं. मी गेलो तेव्हा ओट्यावर पाय ठेवायला जागा नव्हती. शाळेतल्या गटांवरची सगळी पुस्तकं उघडी पसरलेली, मधे दाजी, दाढी वाढलेली, चहा गार झालेला.

“या पाव्हणं,” ते म्हणाले. “ही आपसातच भांडत्यात. हे म्हणतंय, गट पाडा. हे म्हणतंय, खालच्या गटात टाकलेलं पोरगं हळूहळू स्वतःला खालचंच समजाया लागतं. दोघांकडं आकडे हायत.” मग एकदम माझ्याकडं बघून म्हणाले, “तुमी ‘क’मधलेच ना?”

“व्हय.”

“कसं वाटायचं?”

मला हे आजवर कुणी विचारलं नव्हतं. मी आठवेल ते सांगितलं. आमच्या वर्गाची खिडकी सायकल स्टँडकडं होती. साहेब तपासणीला आले की आम्हाला झाडांना पाणी घालायला पाठवायचे. मारायचं कुणी नाही, रागवायचंही नाही. फक्त प्रश्न विचारायचं नाही कुणी. मी कॉलेजात गेलो तेव्हा पहिल्या दिवशी प्राध्यापकांनी मला नाव घेऊन प्रश्न विचारला, तर मी मागं वळून बघितलं होतं, दुसरं कुणी उभं आहे का म्हणून.

दाजींनी पेन्सिल कानावरून काढली, पण कुठल्याच पुस्तकात काही लिहिलं नाही. म्हणाले, “गोल्टीत टाकला म्हणून कांदा बारीक होत न्हाई, पाव्हणं. पोरगं मात्र होत जातं. आन् मी इतकी वर्सं चाळणी धरून उभा हाय.”

पुढच्याच आठवड्यात पालकसभा होती. दाजींनी उभं राहून सांगितलं की तुकड्या मोडा आणि पोरं मिसळून बसवा. नुसता गलका झाला. ‘अ’ तुकडीतल्या पोरांचे बाप उठून उभे राहिले. त्यातले एक, पांढऱ्या कडक कपड्यातले बागाईतदार, सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, “सर, ही पद्धत तुमचीच ना? मग तुमची पोरगी ‘क’मध्ये गेल्यावरच कसं सुचलं हे?”

आक्काबरोबर मीही गेलो होतो, मागच्या बाकावर बसलो होतो. वाटलं, आता दाजी एखादं पुस्तक काढणार. त्यांनी काढलं नाही.

“व्हय,” ते म्हणाले. “म्हणूनच सुचलं. दुसऱ्याची लेकरं गेली तवा सुचायला पायजे हुतं. न्हाई सुचलं. त्याची मला लाज वाटते.”

सभेत असलं कबूल करणारा माणूस मी त्याआधी पाहिला नव्हता आणि नंतरही पाहिला नाही. तुकड्या मात्र मोडल्या नाहीत, तसं चमत्कारासारखं काही घडलं नाही. मग दाजींनी मुख्याध्यापकांकडं एकच मागणी केली: मला ‘अ’ नको, ‘क’ द्या. आक्का घरी कपाळाला हात लावून म्हणाली, “लोकांचे बाप लेकराला वर न्यायला धडपडत्यात. हे स्वतःच खाली गेले.”

‘क’ तुकडीत त्यांनी जागाच ठरवून दिल्या नाहीत. आजचं गणित ज्याला समजलं त्यानं खिडकीशी उभं राहायचं, ज्याला नाही त्यानं पुढं मास्तरांजवळ बसायचं, आणि खिडकीतल्यानं येऊन त्याला सांगायचं. उद्या गणित नवं, उद्या जागा नव्या. कालचा खिडकीतला आज पुढं, कालचा पुढचा आज खिडकीत. पहिले काही दिवस वर्गाचा बाजार झाला. शेजारच्या वर्गातले मास्तर दार लावून घ्यायचे. पण वस्तीवरून येणारी, आजवर वर्गात तोंड न उघडलेली पोरं तिथं एकमेकांच्या चुका काढत भांडायला लागली. मी एकदा दारात उभा राहून पाहिलं. एक पोरगा तावातावानं सांगत होता, “आरं येड्या, चिन्ह बदललं ना!” आणि आमचे दाजी खुर्चीवर टेकून असे बघत होते, जणू मुळा धरण भरल्याची बातमी आलीये.

गौरी बापाच्याच वर्गात होती. ती सगळं करायची, गणितं सोडवायची, खिडकीशीही जायची. पण त्या वर्षापासून ती त्यांना घरीही पप्पा म्हणेना. “सर, जेवायला या.” “सर, तुमचा फोन.” दाजींनी एकदाही तिला टोकलं नाही. ताटावर बसायचे, मान खाली घालून जेवायचे.

दहावीत तिला बरे मार्क पडले, फार नाही, बरे. आता ती राहुरीला वसतिगृहात राहून कृषी पदविका करते, रोपवाटिकेचं तिला वेड आहे, आणि मैत्रिणींना कलम बांधायला शिकवते म्हणे. गेल्या महिन्यात मी गेलो तेव्हा दाजी ओट्यावर नवंकोरं पुस्तक घेऊन बसले होते. मी धीर करून विचारलं, “दाजी, त्या वर्षी मुख्याध्यापकांचं ऐकून गौरीचं नाव ‘अ’मध्ये टाकलं असतं, तर तिचं जास्त भलं झालं असतं का?”

त्यांनी पुस्तक मिटलं. खूण न घालताच मिटलं.

“न्हाई माहीत, पाव्हणं,” ते म्हणाले. “इतकी वाचली, पण ह्याचं पुस्तक अजून घावलं न्हाई.”

शनिवार होता. संध्याकाळच्या गाडीनं गौरी येणार होती. दाजी उठले, चपला घातल्या आणि गाडीला अजून बराच वेळ होता तरी फाट्याकडं चालायला लागले.