नडगीवरची हजेरी

तिला सगळे एकवीसबाई म्हणत. खरं नाव बँकेच्या पासबुकापुरतं उरलं होतं. घराच्या पुढच्या खोलीत तिचं पार्लर होतं: एक उंच कॉट, एक आरसा, वॅक्सचा हीटर, पट्ट्यांचा गठ्ठा आणि खिडकीबाहेर रंगाऱ्याकडून लिहून घेतलेली पाटी, ‘वॅक्सिंग. एकवीस दिवस निश्चिंत. आधी केस आले तर पुन्हा फुकट.’

ही विद्या तिने छत्तिसाव्या वर्षी, नवऱ्याचा कारखाना बंद पडल्यावर शिकून घेतली. आधी स्वतःच्या पायांवर, मग नणंदेच्या. नणंद तेव्हापासून फोनवरच बोलते. पण सहा महिन्यांत हात असा बसला, की पट्टी कधी ओढली ते गिऱ्हाइकाला कळायच्या आत बाई दुसरीकडे पावडर लावत असायच्या. त्याच रस्त्यावर आणखी तीन पार्लरं होती. त्यांच्याकडे एसी होता, मासिकं होती, गार पाणी होतं. एकवीस दिवस कोणाकडेच नव्हते.

आता खरं सांगायचं तर एकवीस हा आकडा तिने कुठून मोजून आणलेला नव्हता. पंधरा कमी वाटले, महिना खोटा वाटला. सोळा वर्षं तो चालला. कोणी दहाव्या दिवशी कुरकुरत आलीच तर एकवीसबाई मान तिरपी करून विचारायची, “मध्ये रेझर लावलात ना?” या प्रश्नापुढे भल्याभल्या गप्प होत. ज्यांनी रेझर लावला नव्हता त्यांनाही क्षणभर वाटे, की लावला असेल बुवा झोपेत.

निरीक्षकबाईंना तसं वाटलं नाही.

त्या वजनमापे खात्यात होत्या. दुकानांतले तराजू तपासायच्या, लिटरच्या मापात लिटर मावतं का ते बघायच्या. पहिल्या खेपेला आल्या तेव्हा काहीच बोलल्या नाहीत, फक्त निघताना पाटीसमोर उभं राहून ती दोनदा वाचली. बरोबर नवव्या दिवशी त्या परत आल्या, कॉटवर बसल्या, पँटचा पाय गुडघ्यापर्यंत दुमडला आणि पर्समधून सहा इंची स्टीलची पट्टी काढून नडगीला लावली.

“दोन मिलिमीटर,” त्या म्हणाल्या. “आणि हा अडीच.”

“मध्ये रेझर लावलात ना?”

“मी आयुष्यात रेझर लावलेला नाही. हे लिहून देऊ का?”

एकवीसबाईची मान तिरपी होती ती तशीच राहिली.

“बाई, एकवीस दिवस हे माप आहे,” निरीक्षकबाई शांतपणे म्हणाल्या. “कमी भरलं तर पाटी उतरवावी लागेल. आज मी गिऱ्हाईक म्हणून आलेय, तोंडी सांगतेय. पुढच्या खेपेला फॉर्म घेऊन येईन.”

पडद्यामागच्या खोलीतून सासूबाईंचा आवाज आला. त्या तिथल्या पलंगावर दिवसभर पडून असत आणि पार्लरमधलं एकूण एक बोलणं त्यांना पाठ असे. “उपटलं की जोमाने येतं. गवताचं बघा. मी हिला पहिल्या दिवशीच बोलले होते.”

“आई, तुम्ही पडा.”

“पडलेलीच आहे.”

पाटी उतरवायची म्हणजे काय हे त्या खोलीत फक्त एकवीसबाईला कळत होतं. एसीवाल्या तिघी खिडकीतून बघतील. पाटीच्या जागी भिंतीवर पांढरा चौकोन राहील. आणि मग सोळा वर्षांत ज्या ज्या बाईला तिने रेझरवरून गप्प केलं होतं, ती प्रत्येक बाई त्या चौकोनासमोर थांबून हिशेब लावेल. त्या दिवशी तिने भातात मीठ दोनदा घातलं. नवऱ्याने निमूटपणे खाल्लं, हात धुतला आणि म्हणाला, “अगं, पण नऊ दिवसांत केस दोन मिलिमीटर कसा होईल?”

नवरा कारखान्यात टाइमकीपर होता. अठ्ठावीस वर्षं गेटवर बसून त्याने माणसांची ये-जा लिहिली. कारखाना बंद झाल्यावर सगळ्यांनी काही ना काही घरी नेलं. कोणी पंखा, कोणी खुर्च्या. याने कोऱ्या मस्टरचे चार गठ्ठे आणले. त्यावरून घरात वर्षभर बोलणं झालं होतं.

“पायाचा केस दिवसाला किती चालतो?” त्याने विचारलं.

“मला काय माहीत? मी काय त्यांच्यामागून फिरते?”

त्याने स्वतःच्या पोटरीवर चार आठवडे लावून ते काढलं. एक चौकोन भादरायचा, रोज सकाळी आंघोळीआधी मोजायचं. उत्तर आलं, दिवसाला मिलिमीटरचा पाचवा हिस्सा, फार तर चौथा. सासूबाईंनी विचारलं, आता केस राठ लागतात का? त्याने हात फिरवून सांगितलं, लागतात. “बघ,” सासूबाई म्हणाल्या. पण एकवीसबाईने आपलं भिंग आणून बघितलं. केस तोच होता, तेवढ्याच जाडीचा. फक्त निमुळतं टोक गेलं होतं आणि कापलेला बुंधा टोचत होता.

“म्हणजे नऊ दिवसांत दोनच्या आसपास,” नवरा म्हणाला. “तेही कातडीच्या दारातून निघाला तर. तू तर मुळासकट काढतेस. त्याला खालून दारापर्यंत यायलाच दोन-तीन आठवडे हवेत. मग हा अडीचवाला आला कुठून? हा त्या दिवशी आधीच वाटेत होता. हा तू काढलेलाच नाहीस.”

“मग मी काय काढलं?”

“पहिली शिफ्ट,” तो म्हणाला, आणि कारखाना बंद झाल्यापासून तिने पाहिला नव्हता असा त्याचा चेहरा झाला. “आमच्याकडे तीनशे माणसं होती. पण कधीही गेटवर बघ, शंभर दिसणार. बाकीची घरी झोपलेली. एका साहेबाला वाटलं, एवढी शंभर कमी केली की झालं. केली. आणि चार वाजता भोंगा झाल्यावर पुन्हा शंभर आली. साहेब म्हणाला, टाइमकीपर, ही इतक्या लवकर परत कशी आली? मी म्हटलं, साहेब, ही ती नाहीत.”

सासूबाई पलंगावरून म्हणाल्या, “केसांना कोण पगार देतं?”

पण वजनमापांच्या बाईपुढे भोंग्याची गोष्ट चालली नसती. पुरावा हवा होता. निरीक्षकबाईंना निरोप गेला: केस पूर्ण वाढू द्या आणि मग या, आम्ही हजेरी घेतो. निरीक्षकबाईंना यात गैर काही वाटलं नाही. त्यांच्या खात्यात यापेक्षा कमी गोष्टींसाठी पंचनामे होत.

त्या आल्या त्या दिवशी खोली घासूनपुसून ठेवली होती. एकवीसबाईने प्लास्टिकच्या फाइलचं पारदर्शक आवरण कापून चौकोनी तुकडा केला होता. नडगीवर मधोमध एक तीळ होता आणि थोडं खाली लहानपणी सायकलवरून पडल्याची खूण. त्या दोन्ही प्लास्टिकवर आखल्या, म्हणजे तुकडा पुन्हा ठेवताना जागा चुकू नये. मग भिंग लावून एकेक केस जिथून बाहेर पडत होता तिथे बारीक पेनाने ठिपका आणि ठिपक्याला नंबर.

परक्या बाईची नडगी बघणं बरं नव्हे म्हणून नवरा पडद्यामागे, आईच्या पायथ्याशी स्टूलवर बसला होता. मांडीवर मस्टर, कानाला पेन्सिल.

“नंबर एक?” पडद्यामागून आवाज आला.

“हजर,” एकवीसबाई म्हणाली.

“तू नको बोलूस. तू पार्टी आहेस. ज्यांचा केस त्यांनी सांगायचं.”

निरीक्षकबाईंनी घसा साफ केला. “हजर.”

“नंबर दोन?”

“हजर.”

पाचपर्यंत त्या अवघडून बोलत होत्या. दहाच्या पुढे त्यांची पाठ ताठ झाली आणि आवाज शाळेतला झाला. तिळाएवढ्या फरकाने दोन केस शेजारी होते, त्यांना एक नंबर द्यायचा की दोन यावर पडद्याच्या आरपार पाच मिनिटं चर्चा झाली. दोन ठरले. त्रेचाळीसवर हजेरी संपली. निरीक्षकबाईंनी मस्टरवर सही केली, नवऱ्याने पडद्याखालून हात घालून ते परत घेतलं, आणि मग एकवीसबाईने नेहमीसारखं पावडर, वॅक्स, पट्टी करून त्रेचाळीसच्या त्रेचाळीस काढून टाकले.

“गेट रिकामं?” पडद्यामागून विचारणा झाली.

निरीक्षकबाईंनी नडगीवर तळहात फिरवला. “रिकामं.”

पुढचे नऊ दिवस एकवीसबाईने बाहेर जाऊन एकदाही पाटीकडे बघितलं नाही. जाताना मान खाली, येताना मान खाली. शेजारणीला वाटलं हिची मान धरली आहे. तिने मलम पाठवलं.

नवव्या दिवशी निरीक्षकबाई फॉर्म घेऊनच आल्या. तो त्यांनी आरशाखालच्या फळीवर ठेवला, वर स्टीलची पट्टी ठेवली आणि पाय लांब केला. नडगीवर केस उभे होते, थोडे पण बघताक्षणी दिसणारे. अकरा.

एकवीसबाईने प्लास्टिक ठेवलं. तीळ तिळावर, खूण खुणेवर. भिंग घेतलं.

“सांगा,” नवरा म्हणाला.

“तिळाजवळचा,” निरीक्षकबाई वाकून बघत म्हणाल्या, “चार आणि पाचच्या मध्ये आहे. ठिपक्यावर नाही.”

“म्हणजे मस्टरला नाव नाही. पुढे.”

“नऊच्या खाली. इथेही ठिपका नाही.”

“पुढे.”

एकामागून एक तसंच निघालं. कोणी दोन ठिपक्यांच्या मध्ये, कोणी चार ठिपक्यांच्या पटांगणात एकटा. निरीक्षकबाई मोजता मोजता मंदावल्या. “मग त्या दिवशी हे होते कुठे?”

“घरी. झोपलेले. किंवा नुकते वाटेला लागलेले,” पडद्यामागचा आवाज मृदू झाला होता. “तुम्हाला वाटलं गेलेले परत आले. हे वेगळेच आहेत, मॅडम. यांना बिचाऱ्यांना आधीचं काहीच माहीत नाही.”

निरीक्षकबाई मागे टेकल्या. स्टीलची पट्टी उचलून त्यांनी पर्समध्ये टाकली. फॉर्मची घडी घालू लागल्या. नऊ केस झाले होते. शेवटचे दोन फक्त तीच बघत होती.

एक सतराच्या ठिपक्यावर होता. दुसरा बत्तीसच्या. शेजारी नव्हे, बरोबर ठिपक्यावर.

तिने भिंग जवळ नेलं. नऊ जणांची टोकं सुईसारखी निमुळती होती. या दोघांची सपाट. हे नवीन नव्हते. हे मुळातून निघालेच नव्हते, मधेच तुटले होते. आणि तुटले कसे हे तिच्याएवढं कोणाला माहीत असणार? पट्टी कातडीलगत मागे ओढायची असते. वर उचलली की केस मूळ खाली ठेवून मोडतो. त्या दिवशी खालच्या बाजूची पट्टी ओढताना पडद्यामागून “गेट रिकामं?” येणार हे तिला आधीच ऐकू येत होतं, घाई झाली आणि हात वर गेला.

प्लास्टिक तिच्या अंगठ्याखाली होतं. केसभर सरकवलं असतं तर सतरा सतरा राहिला नसता. निरीक्षकबाई फॉर्मची दुसरी घडी घालत होत्या. पाटी बचावली होती. आणि किती सोपं होतं ते. सोळा वर्षं ती मान तिरपी करून नेमकं हेच करत आली नव्हती का? कितीजणींच्या पायांवर सतरा आणि बत्तीस उभे होते आणि तिने त्यांना रेझरच्या नावावर घरी पाठवलं होतं, देव जाणे.

तिचा अंगठा हलला. तिने तो उचलला.

“सतरा हजर,” ती म्हणाली.

पडद्यामागे पेन्सिल थांबली.

“आणि बत्तीस हजर. हे दोन माझे. ओढताना तुटलेत.”

“अगं, नीट बघ,” नवरा म्हणाला. “एखादा ठिपका हलला असेल.”

“ठिपका नाही, हात हलला होता. लिहा.”

“कारण काय लिहू?”

“लिहा, हात वर गेला.”

निरीक्षकबाईंनी फॉर्म पुन्हा उलगडला. भिंग घेऊन त्यांनी दोन्ही केस स्वतः बघितले, मग एकवीसबाईकडे बघितलं. तराजूखाली चुंबक लावणारे त्यांनी शेकड्याने पाहिले होते. माप कमी भरलं हे आपणहून सांगणारं दुकान त्यांच्या नोकरीत पहिलंच असावं, कारण त्यासाठी फॉर्मवर रकाना नव्हता.

“पाटीवर काय आहे?” त्यांनी विचारलं, जणू त्यांना पाठ नव्हतं.

“आधी केस आले तर पुन्हा फुकट.”

“मग पाटीप्रमाणे करा. नऊ केस हमीत बसत नाहीत, ते तुम्ही काढलेच नव्हते. दोन बसतात. ते काढून द्या, मी फॉर्म भरत नाही.”

“काढून टाकते ना सगळेच, मॅडम. अकराच तर आहेत.”

“दोन,” निरीक्षकबाई म्हणाल्या. “जास्त देणं हेही चुकीचं माप आहे.”

मग हीटर लावला. वॅक्स विरघळायला वीस मिनिटं लागली. एकवीसबाईने नडगीवर कापसाने दोन ठिकाणी पावडर टेकवली, काडीच्या टोकावर मसुराएवढं वॅक्स घेतलं, करंगळीच्या नखाएवढ्या पट्ट्या कापल्या. सोळा वर्षांत तिने इतक्या जपून काही ओढलं नव्हतं. सतरा निघाला. भिंगाखाली बघितला, तळाशी पांढरा गड्डा होता. बत्तीसला तिने कातडी दोन बोटांनी ताणली, आणि हात इतका खालून नेला की मनगट नडगीला घासलं. तोही गड्ड्यासकट आला. दोन्ही कागदावर ठेवून तिने निरीक्षकबाईंना दाखवले. त्यांनी मान डोलावली आणि मस्टरवर सही केली.

“दोन केसांना दीड तास,” सासूबाई भिंतीकडे तोंड करत म्हणाल्या. “माझा चहा राहिला.”

दारात निरीक्षकबाईंनी बूट घातले, पँटचा पाय खाली सोडला, आणि न बघता म्हणाल्या, “उरलेल्या नऊ जणांसाठी तारीख द्या. दुसऱ्या पायाचंही मस्टर उघडून ठेवा, तिथे काय चाललंय कोणास ठाऊक.”

एकवीसबाईने कॅलेंडरवर तीन आठवड्यांनंतरच्या बुधवारी खूण केली. निरीक्षकबाई नऊ कायदेशीर केस घेऊन, जपून, एकेक पायरी उतरत गेल्या.