दौलताबादच्या रस्त्यावर कळलेलं

विद्यापीठाच्या नामांतराची मागणी केली म्हणून गावोगाव आमच्या लोकांची घरं जाळली जात होती. त्यातच माझ्या आईचं घर गेलं. शेळीचं दावं सोडवताना तिचा उजवा हात भाजला. मी तेव्हा शहरातल्या एका कारखान्यात पॅकिंगला होते. निरोप मिळाला तशी तिला आणायला गावी धावले. उरलेल्या काळ्या भिंती पाहून पोटात जे पेटलं, ते आजही पुरतं विझलेलं नाही. विझावं असंही मला वाटत नाही.

आमच्या वस्तीतल्या विहारात भंतेजी ध्यान शिकवत. श्वास येतो, जातो, नुसतं पाहा. मी ते मन लावून करत असे. कारखान्यातही हात काय करतोय, पाय कुठे टेकलाय, सगळ्याकडे माझं लक्ष असे. त्या दिवशीही होतं. बंदमुळे एसटी नव्हती, आणि गावातला बैलगाडीवाला आम्हाला बघून तोंड फिरवून आत गेला, म्हणून आईला घेऊन पायीच निघाले. श्वास गरम होता, दात आवळलेले होते, नखं तळव्यात रुतत होती. सगळं कळत होतं. कळून उपयोग काय? राग तसूभर हलत नव्हता. उलट मला भंतेजींचा राग आला, बुद्धाचाही आला. घरं जाळायची त्यांनी, आणि श्वास बघत बसायचं आम्ही?

दौलताबाद मागे पडलं तेव्हा आईला ताप चढला. ती रस्त्याच्या कडेला बसली ती उठेचना. शहराजवळच्या छावणीतला दवाखाना अजून लांब होता. तेवढ्यात मेंढरांचा कळप आला. पुढे एक धनगर, मागे त्याची बायको तट्टू हाकत, तट्टावर बिऱ्हाड बांधलेलं. तिने आईचा हात पाहिला आणि तट्टावरचं ओझं उतरवायला लागली.

मी ताडकन म्हणाले, "आमी कोण हाय, ठावं हाय का? मागून इटाळ झाला म्हनून बोंबलू नका!"

गाठ सोडता सोडता तिने माझ्याकडे पाहिलं. "त्या जळक्या घरांवरनंच आलो आमी. समदं ठावं हाय." मग म्हणाली, "मी तर काय इचारलं बी नाय, बाई. तू लई भेलीस का?"

मला तिच्यावर ओरडायचं होतं. ओरडण्याऐवजी मी ओझ्याची दुसरी गाठ सोडायला घेतली. आवळलेले दात मी वाटभर पाहिले होते, पण ते आवळून धरणारी मी कोण, हे एकदाही पाहिलं नव्हतं. कुणी जात विचारण्याआधी आपणच अंगावर धावून जाणारी, आतून थरथरणारी बाई होती ती. राग खरा होता, रास्त होता. पण त्याच्या आड भीती दडून बसली होती, आणि त्या भीतीच्याच सांगण्यावरून फिर्याद न देता मी गाव सोडलं होतं.

ओझ्यापाशी नवऱ्याला थांबवून, आईला तट्टावर बसवून ती बाई आम्हाला छावणीपर्यंत घेऊन आली. आईला उतरवलं, आणि मी काही बोलायच्या आत तट्टू वळवून गेली.

आईच्या हाताला पट्टी झाली. मी म्हणाले, "आई, फिर्याद द्यायची."

"नावं घ्यावी लागतील."

"घेऊ."

आईने पट्टीचा हात मांडीवर घेतला. मग म्हणाली, "मंग मीच सांगते. म्या बघितलंय त्यास्नी."

ताप उतरल्यावर आम्ही ठाण्यात गेलो. माझा आवाज चढला तसा हवालदार म्हणाला, "बाई, आधी शांत व्हा."

"भ्या बी वाटतंय साहेब, आन् राग बी हाय," मी म्हणाले. "तरी लिवा."

आईने एकेक नाव घेतलं. तिने एकदाही मान खाली घातली नाही.

त्या संध्याकाळी विहारात मी शरणाचे शब्द म्हटले, आणि पहिल्यांदाच बुद्धापासून काही लपवलं नाही. राग त्याच्यापुढे ठेवला, भीतीही ठेवली. ती बाई मला पुन्हा दिसली नाही. तिला कुण्या देवाने पाठवलं असं मी म्हणणार नाही, आमच्यात तसं म्हणत नाहीत. पण हात जोडले की तिचा चेहरा डोळ्यांपुढे येतो, आणि मी तो येऊ देते.