पडद्यातली अक्का

केळीच्या बुडाशी आलेलं एक पील, म्हणजे नवा कोंब, काढावं तर शेजारी दुसरं फुटतं. आमच्या पल्लवीच्या कामाचे किस्से तसेच. एक सांगून होत नाही तोवर दुसरा तयार!

पल्लवी माझी नात. जळगावला चित्रकला शिकली आणि आता कम्प्युटरमध्ये माणसं बनवते. ती हलतात, बोलतात, विचारलं तर उत्तरही देतात. त्यांना म्हणे अवतार म्हणायचं. यंदा तिने प्रदर्शनासाठी मलाच बनवायला घेतलं. तिचा बाप, म्हणजे माझा सुनील, पाइपच्या कंपनीत आहे. तो म्हणाला, "प्रदर्शनात घरच्या एकाने जरी या अवताराला माणूस धरलं, तर खुशाल हेच काम कर. नाहीतर गुपचूप आमच्या ऑफिसात यायचं!"

पोरीने मान डोलावली, पण रात्रीचं जेवण तिला गेलं नाही.

आधी चेहरा झाला. बघते तर हनुवटीवरचं गोंदण गायब! कम्प्युटरने डाग समजून पुसलेलं.

"अगं, जत्रेत भोकाड पसरून गोंदवलंय ते! याला साफसफाई कोणी सांगितली?"

मग हालचाल टिपायला माझ्या हाताला पट्टे बांधले. "अक्का, रोजचं काम कर."

"पीठ आण."

"पीठ नको, नुसते हात हलव."

मी हवेतच ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी थापली. पडद्यातलीही थापायला लागली. तेवढ्यात शेजारची मंगल खिडकीत.

"अक्का, काय करताय?"

"भाकरी."

"कुठंय?"

"कम्प्युटरात!"

संध्याकाळी अख्खी गल्ली माझ्या तब्येतीची चौकशी करायला हजर. एकीने तर शहाळं आणलं. मी पिऊन टाकलं.

बोलण्याचं निराळंच. पल्लवीने तिला विचारलं, "अक्का, भरताला मिरच्या किती?"

ती म्हणाली, "चवीनुसार."

मी जन्मात असं बोलले नाही! मग पल्लवीने तिला माझं बोलणं ऐकवून ऐकवून शिकवलं. दुसऱ्या दिवशी सुनीलने तेच विचारलं.

पडद्यातली म्हणाली, "खानारा कोन शे?"

"मी."

"मंग कमी टाक!"

सुनील पोट धरून हसला. पण जाता जाता म्हणालाच, "पोपट छान आहे. माणूस नाही."

प्रदर्शनाला सगळं गणगोत आलं. जो तो आत जाई, पडद्याला बोट लावी, सेल्फी काढी आणि "मस्त चित्र!" म्हणून बाहेर येई. प्रत्येक 'चित्रा'ला पल्लवीचं तोंड उतरत गेलं. मला तर बघवेना. मी पडद्यामागे जाऊन बसले; तिथल्या फटीतून फक्त दार दिसायचं.

शेवटी दोंडाईचाहून आबा आले. आबा माझे जेठ, म्हणजे थोरले दीर. आमच्यात जेठासमोर बाई उघड्या डोक्याने येत नाही. म्हणून ते आधी उंबऱ्यात खोकतात, आपण पदर घ्यायचा, मग ते आत येतात.

आबांनी दारातून आत पाहिलं. झटकन मागे सरकले, तोंड भिंतीकडे केलं आणि खोकले.

आत काही हललं नाही. आबा पुन्हा खोकले, जरा मोठ्याने.

सुनील म्हणाला, "आबा, चला ना आत. थांबले का?"

आबा चिडलेच. "कसा जाऊ रे? तुनी माय आत बठेल शे, डोकावर पदर नही! आधी तिले सांग!"

सुनीलने एकदा आबांकडे, एकदा पडद्यातलीकडे पाहिलं. मग पल्लवीकडे वळून हळूच म्हणाला, "पल्लू, सांग ना तिला. आबा खोळंबलेत!"