शिखरावरच्या वहीत मी काय लिहिलं

काय सांगू, हे सांगावं की नाही असं महिनाभर मनात चाललंय. पण स्टुटगार्टमधल्या निम्म्या मराठी घरांना कळलंच आहे, मग तुम्हीच का मागे राहावं?

लग्नाला सहा महिने झालेत. माझा नवरा निनाद सोमवार ते शुक्रवार गाड्यांचे ब्रेक तपासतो आणि शनिवारी ऑफिसातल्या झिल्केबरोबर आल्प्समधले कडे चढतो. दोराचं एक टोक त्याच्या कमरेला, दुसरं तिच्या! सप्तपदी माझ्याशी, गाठ तिच्याशी. काय वाटेल हो?

घरीही तेच. "झिल्के म्हणते, गाइझेलश्टाइन शिखराची उत्तर भिंत कठीण आहे." "झिल्के म्हणते, डावीकडच्या वाटेत दगड सुटतात."

"आणि भाजीत मीठ किती, ते काय म्हणते झिल्के?"

"अं? काही म्हणालीस?"

शेवटी मी जाहीर केलं, "या शनिवारी मीही येणार."

गाइझेलश्टाइनवर मला म्हणे सोप्या वाटेने नेलं. सोपी! दोन्ही हातांनी खडक धरायचा आणि खाली बघायचं नाही. पुढे झिल्के दोर घेऊन शेळीसारखी टुणटुण, मध्ये मी पालीसारखी चिकटलेली आणि मागून निनाद, "गायत्री, झिल्के पाय कसा ठेवते बघ!"

वर पोचल्यावर दोघांनी "बेर्ग हाइल!" असा गिर्यारोहकांचा जयघोष करत एकमेकांना मिठी मारली. मला? पाठीवर थाप.

मग ते दोघं कड्यावर पालथे पडून उत्तर भिंतीतल्या वाटा एकमेकांना बोटाने दाखवत बसले. मी माथ्यावर रोवलेल्या क्रुसापाशी टेकले. तिथे लोखंडी डब्यात एक वही असते, वर आलेला प्रत्येक जण तिच्यात नाव लिहितो. मी चारचौघांत तोंड उघडत नाही, पण हातात पेन्सिल आली की मला आवरत नाही. आणि जर्मनीतल्या डोंगरावर मराठी वाचणार कोण?

लिहिलं: 'झिल्केबाई, दोर तुमचा, नवरा माझा. शनिवारी आपापलं माणूस घेऊन चढावं.' वर शाळेतल्यासारखी तारीख, खाली ठसठशीत अक्षरात 'सौ. गायत्री निनाद, स्टुटगार्ट'.

आठ दिवसांत मराठी मंडळाच्या ग्रुपवर त्या पानाचा फोटो! 'गाइझेलश्टाइनच्या माथ्यावर मायबोली! कोण या वहिनी?' मग काय, 'वहिनी, जोरात!', 'पण झिल्केबाई कोण?' सासूबाईंचा पुण्याहून फोन, "अगं, अक्षर छान आहे हो तुझं."

निनादच्या ऑफिसातल्या देशपांडेंनी तर झिल्केला कॅन्टीनमध्ये बसवून सगळं भाषांतर करून सांगितलं. 'सौ.'च्या अर्थासकट!

त्याच संध्याकाळी झिल्के दारात. मी चहा उतू घालवला. वाटलं, आता ही बोलणार.

तिने मला घट्ट मिठीच मारली. "गायत्री, आधी का नाही बोललीस? तुझा नवरा शनिवारी पहाटे पाचला बेल वाजवतो! नाही म्हटलं की तोंड एवढंसं करतो, म्हणून मी बिचारी जायचे. चला, आता तूच सांभाळ." आणि स्वतःचा दोर अडकवायचा कमरपट्टा माझ्या हातात ठेवून गेली.

निनाद तर हरखलाच. "तुला इतकी आवड आहे, मला माहीतच नव्हतं!"

आता दर शनिवारी पहाटे पाचला मी कुडकुडत गाडीत बसते. झिल्के मात्र अकरापर्यंत झोपते म्हणे.

खरं सांगू? जळायचं काही थांबलेलं नाही. पूर्वी नवऱ्यावरून जळायचे, आता तिच्या झोपेवर जळते.