दाजींच्या हातची भिंत

जालना जिल्ह्यात आजवर जेवढ्या भिंती उभ्या राहिल्या, त्यांतल्या निम्म्याअधिक आमच्या दाजींनी नापास करून टाकल्या आहेत. दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, अक्काचे यजमान. केदारखेड्याला त्यांची शेती आहे आणि गवंडीकाम त्यांच्या सात पिढ्यांत कुणी केलेलं नाही. पण तरुणपणी घर बांधताना एका मिस्तरीने त्यांच्या माजघराचा गिलावा वाकडा केला. दाजींनी तो त्याच दिवशी खरवडून काढला, थापी स्वतःच्या हातात घेतली आणि पुढे चाळीस वर्षं ती खाली ठेवली म्हणून नाही. कुणाच्याही घरी गेले की माणसांच्या आधी त्यांची नजर भिंतीकडे जायची. चहा येईपर्यंत बोटांनी टकटक करत भिंत कुठे पोकळ वाजते ते शोधून काढायचं आणि घरमालकाला अगदी आनंदाने सांगायचं, "इथून फुगून राह्यली बघा. दोन वर्षांत खाली येते." अशा माणसाला लोक पुन्हा चहाला का बोलावत, ते मला कधी कळलं नाही.

स्वतःच्या कामात तर त्यांचं सोवळं विचारू नका. वाळू ओल्या तळहातावर चोळून बघायची. हाताला माती लागली की ती सगळी धुवायची. मग चाळायची, तीही अक्काच्या पिठाच्या चाळणीने. भाकरी दाताखाली करकरली की अक्का नुसती त्यांच्याकडे बघायची. विटांच्या भिंतीला आदल्या संध्याकाळी पोटभर पाणी द्यायचं. "भिंत तहानलेली राहिली तर मालातलं पाणी पिऊन टाकते. मंग भेगा पडल्या म्हणून रडायचं न्हाई." गिलावा झाला की सात दिवस ओली गोणपाटं, दिवसातून तीनदा पाणी, ऊन लागू द्यायचं नाही, वारं लागू द्यायचं नाही. आपल्या बाळंतपणात आपली एवढी बडदास्त कुणी ठेवली नव्हती, असं अक्का आजही सांगते. आणि कालवलेला माल तासाभरात भिंतीवर गेलाच पाहिजे. भाचीच्या लग्नाची बोलणी करायला तिचे होणारे सासरे वाटूरहून आले, तेव्हा दाजी कोपरापर्यंत सिमेंटमध्ये होते. मी घाईने पाहुण्यांसाठी बाज ओढली. दाजींनी शांतपणे लांब पट्टीचं एक टोक पाहुण्यांच्या हातात दिलं. "जरा धरा पाव्हणं. बोलणं थांबतं, माल थांबत न्हाई." पाहुणे पांढऱ्या धोतरावर शिंतोडे घेऊन परत गेले आणि भिंत आपणच सरळ केली असं गावभर सांगत सुटले. लग्न ठरलं.

दोन वर्षांपूर्वी दाजींच्या उजव्या अंगावरून हलकंसं वारं गेलं. हात वाचला, पण कापायला लागला. मी तेव्हा जालन्याला घरावर एक खोली चढवत होतो. मिस्तरीही ठरला होता. तेवढ्यात दाजींचा फोन आला, "गिलाव्याला कुणाला लावू नको. मी येऊन राह्यलो." मिस्तरी ठरल्याचं मी सांगणार, तोवर अक्काने फोन घेतला आणि हळूच म्हणाली, "न्हाई म्हणू नको रे. दोन महिने झाले, धड बोलले न्हाईत कुणाशी. आज पहिल्यांदा थापी घासून ठेवली." मी मिस्तरीला तीन भिंती दिल्या आणि चौथी ठेवली.

दाजी आले. माल मी कालवला, शिव्या खात. पूर्वी त्यांनी थापीने मारलेला माल चपकन बसायचा; आता अर्धा खाली पडत होता. डाव्या हाताने उजवं मनगट घट्ट धरून त्यांनी दोन दिवस ती भिंत केली. मी पट्टी धरायला पुढे झालो, तर एवढंच म्हणाले, "तू पाणी मार." मी पाणी मारलं. दुसरीकडे बघून मारलं, कारण त्यांच्या हाताकडे मला बघवत नव्हतं.

काम संपलं त्या संध्याकाळी खिडकीतून तिरपं ऊन आत आलं आणि भिंतीवरचे सगळे उंचवटे-खळगे वर आले. तिरप्या उजेडापासून भिंतीला काही लपवता येत नाही. दाजी बराच वेळ बघत उभे राहिले. आता हे सगळं खरवडायला सांगतात की काय, अशी मला भीती वाटली. त्यांनी हात धोतराला पुसले आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "दिवा समोरून लाव. बाजूनं लावू नको."

मी बरं म्हणालो.

आता दाजी गावाबाहेर पडत नाहीत. परवा त्यांचा फोन आला होता. इकडचं तिकडचं झाल्यावर विचारलं, "दिवा कुठून लावला?"

"समोरून."

"बराबर केलं. कशी दिसून राह्यली?"

"बिलकुल सरळ, दाजी."

मी तेव्हा त्याच खोलीत बसलो होतो. दिवा मी बाजूलाच लावून घेतला आहे. संध्याकाळी तो लावला की दाजींचा हात जिथे जिथे थरथरला, ती प्रत्येक जागा दिसते, आणि मी ती बघत बसतो. मिस्तरीने केलेल्या बाकीच्या तीन भिंती कशा झाल्या आहेत, हे मात्र कुणी विचारलं तर मला सांगता येणार नाही.