पुस्तकात नाव हाय का?

हवालदार गेल्याचा फोन आला तेव्हा माझे दोन्ही हात वालाच्या टोपात होते. मोड आलेले वाल सोलायला बसले की मला कुणी हाक मारलेली खपत नाही, हे आमच्या रोह्याच्या घरात सगळ्यांना ठाऊक आहे. म्हणून सुनेने फोन स्पीकरवर टाकून माझ्यापुढे पाटावर ठेवला. पेणच्या कॉलेजातला आमचा जुना शिपाई दिनकर बोलत होता. "म्याडम, आपले हवालदार गेले. घरीच... सकाळी उठवायला गेले तर उठलेच नाय." मी "बरं" म्हटलं आणि टोपातले उरलेले वाल शेवटच्या दाण्यापर्यंत सोलून काढले. मग हात धुवायला मोरीत गेले आणि तिथेच रडू आलं. सून दारात येऊन उभी राहिली. तिला काय सांगणार? माणूस ना नात्याचा, ना आळीतला. वीस वर्षं त्यांनी मला "म्याडम" म्हटलं आणि मी त्यांना "हवालदार". त्यापलीकडे आमच्यात कधी हाक नव्हती.

हिराजी पाटील, फौजेतले निवृत्त हवालदार, कासू स्टेशनापासून खाडीच्या बाजूला त्यांचं गाव. मी निवृत्त होईपर्यंत पेणच्या एका कॉलेजच्या ऑफिसात फी सवलतीची खिडकी सांभाळायची. रोज रोह्याहून गाडीने जायचे, संध्याकाळी यायचे. जून उजाडला, प्रवेश सुरू झाले की हवालदार कासूला त्याच गाडीत चढत आणि दिवसभर माझ्या खिडकीबाहेर एका लाकडी स्टुलावर बसत. मांडीवर पुठ्ठ्याची हिरवी फाइल. माजी सैनिकांच्या मुलांना सरकारकडून फी माफी असते, काही अभ्यासक्रमांत राखीव जागा असतात, हे पुष्कळांना माहीत असतं. पण त्यासाठी कुठला कागद कुठून आणायचा, ते खिडकीशी आल्यावर कळतं आणि तोवर शेवटची तारीख आलेली असते. हवालदार त्या लोकांना खिडकीच्या अलीकडेच अडवत. कुणी विधवा बाई असे, कुणी नुकताच निवृत्त झालेला जवान. नमस्कार-चमत्कार काही नाही. पहिला प्रश्न ठरलेला, "पोरीचं नाव पुस्तकात हाय का?" मुलाच्या प्रवेशाला आलेल्यालाही तोच प्रश्न. एकदा एक जण चिडला. म्हणाला, "अहो काका, मी पोराचा फॉर्म भरायला आलोय." हवालदार म्हणाले, "पोराचं असतंच. मी पोरीचं विचारलं."

हे पुस्तक म्हणजे डिस्चार्ज बुक. सैनिकाला मूल झालं की त्याने जन्माचा दाखला पलटणीच्या ऑफिसात द्यायचा, मग मुलाचं नाव त्याच्या नोंदीत चढतं आणि निवृत्त होताना तेच या पुस्तकात उतरतं. पुस्तकात नाव असलं तर अलिबागच्या सैनिकांच्या ऑफिसातून दाखला मिळतो, आणि तो दाखला असला तर कॉलेजात सवलत. साखळी साधी आहे. पहिलीच कडी नसली तर मात्र पुढे काहीच हलत नाही, आणि ती कडी अठरा वर्षं आधी कुणीतरी जोडायला हवी असते.

हवालदार पहिल्यांदा माझ्या खिडकीशी आले ते स्वतःच्या मुलीला घेऊन. वनिता तिचं नाव. दोन घट्ट वेण्या, हातात गुणपत्रिका. बारावीला विज्ञानात उत्तम गुण होते आणि तिला आमच्याकडे फार्मसीला जायचं होतं. तो डिप्लोमा विनाअनुदानित, फी घरच्या भातशेतीला न पेलणारी. पण माजी सैनिकांच्या मुलांची एक जागा होती, आणि तिच्याइतके गुण असलेलं दुसरं कुणी त्या जागेवर नव्हतं. मी कागद चाळले. पुस्तकात बायकोचं नाव होतं, मुलाचं होतं. वनिताचं नव्हतं. ती तेव्हा दिनकरकडे पाणी प्यायला गेली होती. मी विचारलं, "मुलीची नोंद?" हवालदारांनी पुस्तक हातात घेतलं आणि तेच पान पुन्हा पुन्हा बघत राहिले. मुलगा झाला तेव्हा दुसऱ्याच आठवड्यात पेढ्यांसकट दाखला पलटणीत पोचला होता. मुलगी तिच्या आजोळी, खांबला झाली. बारशाला ते रजेवर होते, दाखला ट्रंकेत घालून नेलादेखील, आणि... "पोरीचं काय घाई, बोललो. पुढच्या वेळेला बघू. ऱ्हायला." एवढंच म्हणाले. तो मुलगा नववीतून शाळा सोडून बसला होता, हे मला नंतर कळलं.

मी त्या वेळी अशी बाई होते की जिच्या खिडकीतून अर्धवट कागद आत येत नाही. मला त्याचा अभिमान होता. "दाखल्याशिवाय फॉर्म घेता येत नाही," म्हटलं आणि कागद परत सरकवले. वनिता पदराला हात पुसावेत तसे ओढणीला हात पुसत परत आली, तिने बापाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. हवालदार म्हणाले, "चल गो." दोघं गेली. चार दिवसांनी शेवटची तारीख उलटली आणि ती जागा दुसऱ्या मुलाला मिळाली.

आठवडाभराने हवालदार एकटेच आले. हातात पिशवी, पिशवीत केळीच्या पानात गुंडाळलेला भलामोठा जिताडा. आमच्या भागात हा मासा साहेबलोकांच्या घरी का पोचतो, ते सांगायला नको. माझा पारा चढला. म्हटलं, "हवालदार, मला लाच देता?" ते शांतपणे म्हणाले, "काम झालंच नाय, तर लाच कसली? तुमच्या नावावर खोटं बोललोय म्याडम, त्याचा हाय ह्यो. पोरीला सांगितलं, कागद सगळे होते, पण बाईंनी फॉर्मच घेतला नाय. तिला कसं सांगू, तुजं नाव मीच नाय घातलं? तुमी पण सांगू नका." मी खूप बोलले त्यांना. काय काय बोलले ते आज लिहवत नाही. जिताडा परत पाठवला. पण जाताना त्यांनी हात जोडले तेव्हा मी "नाही सांगणार" असं म्हणाले. का म्हणाले, कोण जाणे.

मग ते नोंदीच्या मागे लागले. पत्रं, प्रतिज्ञापत्र, खांबच्या ग्रामपंचायतीचे हेलपाटे. दुसऱ्या वर्षीच्या मार्चमध्ये एक दिवस धापा टाकत आले आणि खिडकीत पुस्तक उघडून धरलं. वनिताचं नाव, शिक्का, सही, खाली तारीख. मीच हरखले. म्हटलं, "छान झालं. जूनमध्ये घेऊन या तिला, तिच्यासारखे गुण कुणाचे नाहीत." मग कळलं, त्यांनी तिला आदल्याच रात्री विचारलं होतं. तिने सांगितलं, ज्या बाईनं सगळे कागद असून हाकललं तिच्या दारात मी पुन्हा जायची नाय. ती तोवर रोह्याच्या एका कंपनीत पॅकिंगला लागली होती, शिफ्ट करत होती. मी म्हटलं, "अहो मग आता तरी खरं सांगा तिला. खरं कळलं तर येईल." त्यांनी नकारार्थी मान हलवली. तीन महिने माझ्या हातात होते. मी त्यांना तीनदा सांगितलं. पण सुभेदाराच्या समोर ताठ उभा राहिलेला तो माणूस, अठरा वर्षांच्या मुलीसमोर उभं राहायची त्याची छाती झाली नाही. वनिता आली नाही. जूनमध्ये हवालदार आले, दिनकरकडून एक स्टूल मागून घेतलं आणि खिडकीबाहेर बसले. तेव्हापासून बसतच राहिले.

त्या स्टुलावरून त्यांनी किती मुलांना आत पाठवलं ते मी मोजलं नाही, त्यांनीही नाही. लोक वालाच्या शेंगा आणत, कुणी जिताडा आणी, ते हात लावत नसत. मला कधी काही बोलायचं असलं तर परतीच्या गाडीत बोलत. कासू जवळ आलं की हे उतरायला उभे राहात आणि दारातून मागे वळून म्हणत, "म्याडम, त्या पेझारीच्या बाईंचं तेवढं उद्या बघा." कुणी सुट्टीवर आलेला जवान स्टेशनात दिसला की त्यालाही धरत. लग्न झालं का? पोरं किती? पोरगी हाय? नाव घातलंस? तो जवान बिचारा हो-नाही करत गाडी पकडायला पळे. मी हसायची. त्यांच्या चेहऱ्यावर हसू नसायचं.

वनिताचं लग्न खांबला झालं, आजोळच्याच गावात. कंपनी सुटली नाही. रोह्याच्या बाजारात ती मला कितीदा दिसली असेल. दिसली की मान फिरवायची, कधी सरळ रस्ता ओलांडून पलीकडे जायची. मला राग यायचा. वाटायचं, जावं आणि सांगून टाकावं. पण सांगितलं नाही, त्याला एक कारण होतं आणि ते मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. वनिताला परत पाठवल्यावर दोन वर्षांनी असाच एक अर्ज आला. नवे प्राचार्य सहज म्हणाले, "अहो, हमीपत्र लिहून घ्या आणि फॉर्म ठेवून घ्या. नोंद व्हायला मुदत देता येते." तशी मुदत देता येत होती. आधीही येत असणार. मी विचारलं नव्हतं, इतकंच. हवालदार त्या दिवशी बाहेर स्टुलावर होते, आमच्यामध्ये एक काच... मी त्यांना सांगितलं नाही. त्यांचं खोटं मी झाकलं होतं. माझं त्यांना कळलंच नाही.

ते गेल्याला महिना झाला असेल. एका दुपारी दारात वनिता उभी. अडतीसची बाई, कंपनीचं ओळखपत्र गळ्यात तसंच. बसली, पाणी प्यायली. मग सरळ विचारलं, "म्याडम, त्या वर्षी माझा फॉर्म का नाय घेतलात?" वीस वर्षं या प्रश्नाची वाट बघितली होती मी. उत्तरं कितीतरी जुळवून ठेवली होती. ऐन वेळी तोंडातून आलं ते एकच, "चूक माझी होती. कागद सगळे होते. मीच घेतला नाही."

तिने पिशवीतून हिरवी फाइल काढली, फाइलीतून पुस्तक, आणि ते पान उघडून माझ्या मांडीवर ठेवलं. नावाखालच्या तारखेवर बोट ठेवलं. "मग हे मार्चातलं कसं? मी तर आदल्या जूनमध्ये आले होते." ती म्हणाली, "दोन वर्षं झाली मना कळून. बाबा आजारी होते, औषधाचे कागद शोधत होते तेव्हा दिसलं. त्यांना नाय बोलले मी." "का?" मी विचारलं. "बोलून काय करायचं होतं? राग आला होता. अजून हाय. पण ते जेवताना माझ्याकडं बघायचे ना... त्या माणसाला अजून काय बोलणार? तुमच्याकडून तरी खरं ऐकायला मिळेल म्हणून आले, तर तुमी पण त्यांचंच बोललात."

तेव्हा मी तिला हमीपत्राचं सांगितलं. सगळं सांगितलं, प्राचार्य, ती काच, ते स्टूल. ती खिडकीबाहेर बघत ऐकत होती. माफ केलं असं ती म्हणाली नाही, आणि मीही मागितलं नाही. मग म्हणाली, "म्हंजे तुमी दोघं बी. आणि मी बाजारात तुमाला बघून पलीकडं जायची, ते अगदीच फुकट नव्हतं." ती थोडं हसली. मला मात्र हसता आलं नाही.

जाताना म्हणाली, फाइल तुमच्याकडं ठेवा, जून आला, लोक येतील, मना शिफ्ट असते. फाइल माझ्या हातात देताना तिची नजर पुठ्ठ्याच्या आतल्या बाजूला गेली. तिथे हवालदारांनी चिकटपट्टीने एक कागद लावला होता, कुठले कागद पाहायचे त्याची यादी, त्यांच्या ठळक, उभ्या अक्षरात. तो कागद मी वीस वर्षं पाहत आले होते. लोकांसाठी लिहिलेली एक सूचना, एवढंच समजत होते. वनिताने पहिली ओळ मोठ्याने वाचली, सावकाश, शाळेत वाचतात तशी. "आधी पोरीचं नाव बघणे. नसेल तर सगळी कामं सोडून ते करणे." पुढच्या ओळी तिने वाचल्या नाहीत. "मना ते कधीच काय बोलले नाय," ती म्हणाली. मग आतले सगळे कागद काढून तिने माझ्यासमोर ठेवले आणि रिकामा पुठ्ठा पिशवीत घातला. "कागद तुमाला. ह्यो मी नेते."

कागद माझ्याकडे आहेत, सुतळीने बांधलेले. सोमवारपासून प्रवेश सुरू होतायत. दिनकरला फोन करून विचारलं, तर म्हणाला, स्टूल अजून तिथेच आहे, कुणी हलवलेलं नाही. सकाळच्या गाडीने जाईन म्हणते.