परक्या भाषेतलं प्रॉम्प्टिंग

ओमानमध्ये सोहारला मी कारखान्यात मेन्टेनन्सला होतो. आमची मॅनेजर मॅडम हॉलंडची. मस्कतच्या रुवी भागात मराठी मंडळाच्या नाटकांना मी विंगेतून प्रॉम्प्टिंग करतो, हे तिला कुठूनतरी कळलं. एके दिवशी म्हणाली, "माझे बाबा नट आहेत, सध्या माझ्याकडे राहतात. त्यांची तालीम घ्याल?"

"मॅडम, तुमच्या भाषेतलं मला ओ की ठो कळत नाही."

"अक्षरं तर वाचता येतात ना?"

बाबा सत्तरी ओलांडलेले. चाळीस वर्षं नाटक-सिनेमात काढली, पण नायक कधी झाले नाहीत. डॉक्टर, फौजदार, पाद्री, खुनी. "पडद्यावर इतक्यांदा मेलोय, की घरच्यांनी रडणं सोडलं," म्हातारा मोडक्या इंग्रजीत हसून म्हणाला. तिकडच्या एका थिएटरनं त्याला शेवटची भूमिका देऊ केली होती. मुलीसमोर तो तालीम करत नसे. त्याला झेपेल की नाही, हे तिला माझ्याकडून हवं होतं.

दर शुक्रवारी दुपारी त्यांच्या घरी मी नाटकाच्या पुस्तकातल्या ओळीवर बोट ठेवून समोर बसे. आणि काय पॉज घ्यायचा तो! वाक्याच्या मधोमध थांबायचा, डोळे भिंतीवर. मंडळात एका नटाच्या पॉजमध्ये मी घाईनं शब्द दिला होता, तर त्यानं विंगेत येऊन माझी बिनपाण्यानं केली होती. तेव्हापासून कानाला खडा. मी गप्प राहायचो.

पॉज लांबत गेले. चहाचा कप ओठांपाशी नेऊन तो तसाच बसे. एकदा पोचलो तर भर उन्हात अनवाणी उभा, तापलेलं लोखंडी फाटक धरून. तळहात लालबुंद. मी त्याला सावलीत आणलं. मग म्हटलं, कलाकार माणूस, भूमिकेत शिरला असेल; आपण कोण बोलणार? मॅडमनं विचारलं तेव्हा ठोकून दिलं, "एक नंबर. बिनधास्त पाठवा." खरं सांगायचं तर एवढ्या मोठ्या नटाचा प्रॉम्प्टर म्हणून मिरवायची मला चटक लागली होती. तिनं तिकीट काढलं.

शेवटच्या शुक्रवारी तो बोलता बोलता थांबला. एसीची घरघर तेवढी चालू. मग माझ्याकडे बघत खालच्या आवाजात त्याच्या भाषेत एक वाक्य बोलला. पुन्हा तेच. तिसऱ्यांदा आवाज कापला. ते पान धुंडाळलं, मागचं धुंडाळलं. वाक्य कुठेच नव्हतं. ओळ चुकली असेल म्हणून मी पुढच्या ओळीचा पहिला शब्द मोठ्यानं दिला.

तो दचकून मागे सरकला, भिंतीला टेकला.

मॅडम आतून धावत आली. तिनं त्याचे हात धरले. "थांबा," ती मला म्हणाली. "ते विचारतायत, हा माणूस कोण, आणि घरात कसा शिरला."

मी पुस्तक मिटलं.

"हे कधीपासून होतंय?" तिनं विचारलं.

पहिल्या शुक्रवारपासून, हे शब्द काही केल्या माझ्या तोंडून निघेनात.